बंगळुरूच्या देवडीवर

मुलगा-सून किंवा लेक-जावई बंगळुरूला आहेत, असं सांगणारं एखादं तरी घर आता महाराष्ट्रातल्या बहुतेक आळ्यांमधून सापडतं. महिना-दीड महिना तिकडे राहून आलेली आजी-आजोबा मंडळी परतली, की त्यांच्या बोलण्यात तीन गोष्टी हमखास येतात. हवा छान, रहदारी भयंकर आणि तिसरं म्हणजे ते गेट! ‘अहो, पोटच्या मुलाच्या घरी जायला परवानगी लागते. आपण पिशव्या घेऊन खाली उभं राहायचं, पहारेकरी आपला फोटो काढणार, मुलगा ऑफिसात बसून फोनवरचं बटण दाबणार, मग आपण आत!’

तक्रारीत थोडा तिखटमिठाचा भाग असेल, पण फार नाही. मुंबई-पुण्याच्या नव्या सोसायट्यांमधूनही हीच पद्धत आता रुळली आहे. मात्र मोबाइलवरून दार सांभाळणाऱ्या नावाजलेल्या कंपन्यांपैकी काही बंगळुरूत जन्मल्या. बंगळुरूला गेलेला माणूस लालबाग पाहतो, विधानसौध पाहतो, येताना मैसूरपाकाचा डबा आणतो. आम्ही या खेपेला शहराची दारं पाहायची ठरवली.

दिल्ली दरवाजा, इथंही

सुरुवात जुन्या किल्ल्यापासून केली. के. आर. मार्केटच्या गजबजाटात फुलांच्या टोपल्या, बस आणि रिक्षा चुकवत गेलं, की अचानक दगडी तट समोर येतो. केंपेगौडांनी १५३७ साली हे गाव वसवलं तेव्हाचा कोट मातीचा होता. १७६१ मध्ये हैदरअलीने दगडी बांधकाम सुरू केलं. त्या सगळ्या पसाऱ्यातला एक तुकडा आज उरला आहे आणि त्यात आहे दिल्ली दरवाजा. शनिवारवाडा पाहिलेल्या माणसाला हे नाव ऐकून गंमत वाटते. उत्तरेकडे उघडणारा दरवाजा म्हणून तिथंही दिल्ली, इथंही दिल्ली.

आपल्या वाड्यांची आणि किल्ल्यांची दारं आठवून पाहा. मोठा दरवाजा ऊठसूट उघडत नसे. त्याच्या एका फळीत माणूस वाकून जाईल एवढी दिंडी ठेवलेली असे. म्हणजे येणाऱ्याचं आधी डोकं आत येणार आणि मग हात. आत शिरताच बाजूला देवडी. देवडीवरचा माणूस आल्यागेल्याला थांबवी, नाव-गाव विचारी, आत वर्दी पाठवी आणि होकार आला की पुढे सोडी. थांबवणं, ओळख विचारणं, वर्दी देणं आणि दार उघडणं. चारच कामं. इंटरकॉम असो की मोबाइलवरचं ॲप, आजही कामं हीच चार आहेत. फरक पडला आहे तो पाचव्या गोष्टीत. देवडीवरचा माणूस संध्याकाळपर्यंत कोण आलं-गेलं ते विसरून जाई. नवं यंत्र विसरत नाही. या फिरण्यात आमचं लक्ष पुन्हा पुन्हा त्या पाचव्या गोष्टीकडे गेलं, ते पुढे येईलच.

बंगळुरूच्या देवडीशी मराठी माणसाचं नातं जुनं आहे, हेही जाता जाता सांगायला हवं. १६३८ च्या सुमारास रणदुल्लाखानाच्या मोहिमेनंतर हे ठाणं आदिलशाहीकडे आलं आणि शहाजीराजांकडे सोपवलं गेलं. जिजाऊसाहेब आणि बालशिवाजी काही काळ इथं राहून गेले. तेव्हा या गावच्या दारावर ‘कोण आहे?’ हे मराठीतूनही विचारलं जात असणार.

आणि इतका भक्कम दरवाजा असून झालं काय? १७९१ च्या मार्चमध्ये कॉर्नवॉलिसच्या फौजेने आधी पेठ घेतली आणि २१ मार्चला किल्ला घेतला तो तटाला खिंडार पाडून. दरवाजा राहिला बाजूलाच! त्या जागी इंग्रजांनी बसवलेली पाटी अजून आहे. सुरक्षेवर लाखो रुपये खर्च करणाऱ्या सोसायटीच्या कमिटीने सहलीला जाऊन ती एकदा वाचायला हरकत नाही. पुढचं गेट यंत्राने सजवायचं आणि मागच्या भिंतीवरचा दिवा वर्षभर बंद, असं आम्ही या दौऱ्यातच दोन ठिकाणी पाहिलं.

जुन्या पेठेच्या वेशी पडून गेल्या तरी नावं उरली आहेत. ‘हलसूरू गेट’ नावाचं पोलीस ठाणं आहे, गेट मात्र नाही. वेशीवरून इथं एक करुण दंतकथाही सांगतात. केंपेगौडांच्या कोटाची एक वेस बांधली की पडे, बांधली की पडे. गर्भवतीचा बळी हवा, असं कुणी सांगितलं. केंपेगौडांनी ते नाकारलं, तेव्हा त्यांची सून लक्षम्मा रात्री एकटी तिथं गेली आणि तिने आपला प्राण दिला. सकाळी वेस उभी होती, म्हणतात. तिची समाधी कोरमंगल भागात दाखवतात. नव्या कंपन्यांची पाटी नाही अशी गल्ली आज त्या कोरमंगलात शोधावी लागेल. गावाचं दार उभं राहावं म्हणून किंमत कुणी मोजायची, हा प्रश्न दंतकथेत घरातल्या सुनेवर आला होता.

फाटक, वठार आणि ‘नाळे बा’

किल्ल्यातून मल्लेश्वरम किंवा बसवनगुडीला गेलं, की शहर एकदम मऊ होतं. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस वसवलेल्या या वस्त्या. १८९८ च्या प्लेगनंतर पेठेतली गर्दी सोडून माणसं मोकळ्या हवेत राहायला आली. जुनी बैठी घरं आता कमी होत चालली आहेत, पण उरलेल्या प्रत्येक घराला कमरेएवढं लोखंडी फाटक आहे आणि फाटकाला कडी. सकाळी दारात रांगोळी. फाटकावर लटकवलेल्या पिशवीत नंदिनी दुधाच्या पिशव्या. काही फाटकांवर कन्नडमधून लिहिलेलं असतं, ‘नायी इदे, एच्चरिके’. कुत्रा आहे, सावध! कुत्रा असेलच असं मात्र नाही.

या फाटकाची कडी हीच त्या घराची बेल. तिचा आवाज स्वयंपाकघरापर्यंत जातो. हात पुसत बाहेर आलेली गृहिणी आधी विचारते, ‘यारू?’ म्हणजे कोण? आणि ओळख पटली की लगेच, ‘बन्नी, बन्नी.’ या, या. दोन शब्दांमध्ये चार पावलांचं अंतर असतं आणि त्या चार पावलांत तिने माणूस पूर्ण पाहिलेला असतो. कपडे, पायातली चप्पल, हातातली पिशवी, चेहऱ्यावरचा भाव. इतकं काही कुठल्या कॅमेऱ्याला जमत नाही.

साध्या माणसांची वस्ती मात्र वठारात असे. वठार म्हणजे आपल्या चाळीचं आणि पुण्याच्या वाड्याचं मिळून झालेलं भावंड. समोरासमोर खोल्यांच्या ओळी, मध्ये अंगण, नळ सामाईक आणि रस्त्यावर उघडणारं दार एकच. इथं देवडीची गरजच नव्हती. अंगणात शेंगा सोलत बसलेली एखादी अज्जी हीच देवडी. ‘कुणाकडे आलात?’ या तिच्या प्रश्नाला उत्तर दिल्याशिवाय कुणाचं पाऊल पुढे पडत नसे. चोर येत नसत, हे खरं. पण कुणाकडे कोण आलं, किती वेळ बसलं, याचा हिशेबही सगळ्या वठाराला असे. आपल्या चाळीतल्या मुलींना विचारा, त्या पहाऱ्याचा काच काय होता ते! जुनं ते सगळं प्रेमळ होतं असं म्हणायचा आम्हांला मोह होत नाही.

दाराची एक विलक्षण गोष्ट मात्र याच शहराने अनुभवली आहे. १९९० च्या दशकात कर्नाटकात आणि बंगळुरूच्या वस्त्यांमधून एक आवई उठली होती. रात्री एक बाई दार ठोठावते. आवाज अगदी आपल्या आईचा, बहिणीचा काढते. दार उघडलं की संपलं! त्यावर उपाय काय? तर दारावर खडूने लिहायचं, ‘नाळे बा’, म्हणजे उद्या ये. ती वाचते, परत जाते, दुसऱ्या रात्री येते, पुन्हा तेच वाचते. ओळीने घरांच्या दारांवर तेव्हा ‘नाळे बा’ लिहिलेलं असे. २०१८ च्या ‘स्त्री’ या हिंदी चित्रपटातली ‘कल आना’ची युक्ती याच गोष्टीवरून आली. भुताचं सोडून द्या. पण बंद दारापलीकडचा आवाज ओळखीचा असला तरी माणूस ओळखीचा असेलच असं नाही, ही भीती काही खोटी नव्हती. खेड्यांतून, परराज्यांतून रोज नवी माणसं येत होती आणि शेजारी कोण राहतं हे ठाऊक नसण्याचे दिवस सुरू झाले होते.

दूरवाणीनगरातून घराघरात

कन्नडमध्ये टेलिफोनला दूरवाणी म्हणतात आणि बंगळुरूच्या पूर्वेला चक्क दूरवाणीनगर आहे. १९४८ साली इथं इंडियन टेलिफोन इंडस्ट्रीज हा सरकारी कारखाना उभा राहिला. आपल्या लहानपणी ज्यांच्या घरी फोन होता (म्हणजे आळीत एखाद्याच्या), त्यांच्याकडचं ते काळं जड यंत्र बहुधा इथलंच. फोनसाठी नाव नोंदवून वर्षानुवर्षं वाट पाहायचे ते दिवस.

पुढे १९८४ मध्ये सॅम पित्रोदांच्या पुढाकाराने सी-डॉट ही संशोधन संस्था निघाली. दिल्लीबरोबर बंगळुरूतही तिचं काम चाले. धूळ, उकाडा आणि खेड्यातली बेभरवशाची वीज सहन करील असं १२८ जोडण्यांचं छोटं एक्स्चेंज तिने तयार केलं. वातानुकूलित खोली त्याला लागत नसे. १९८६ मध्ये ते पहिल्यांदा बसवलं गेलं कर्नाटकातल्या कित्तूर गावी. राणी चन्नम्माचं कित्तूर ते हेच. मिरजेहून बंगळुरूला जाणाऱ्या गाडीला त्याच राणीचं नाव आहे.

आता याचा दाराशी काय संबंध, असं वाचक म्हणतील. संबंध असा, की त्याच धाटणीचं एक्स्चेंज सी-डॉटने कचेऱ्यांसाठीही केलं आणि त्याचं तंत्र देशी कारखानदारांना दिलं. छोटी एक्स्चेंजं स्वस्त झाली, तशी ती हॉटेलांत, इस्पितळांत आणि मग मोठ्या इमारतींमध्येही आली. तळमजल्यावर कपाटाएवढी पेटी, तिथून प्रत्येक फ्लॅटला एक तार आणि भिंतीवर एक फोन. तीन किंवा चार आकडे फिरवले की शेजारी बोलू लागतो आणि बिल शून्य! पहारेकरी गेटवरून फ्लॅटचा नंबर लावी, ‘साहेब, कुरियर आहे,’ म्हणे, आणि आपण ‘पाठवा’ म्हणायचं. देवडीवरची वर्दी आता तारेतून येऊ लागली. शेजारच्या काकूंना विरजण आहे का विचारण्यासाठी आणि मुलांना खेळायला बोलावण्यासाठी त्याचा उपयोग अधिक झाला, हेही खरं.

पहारेकरी परवडत नाही अशा तीन-चार मजल्यांच्या छोट्या इमारतींनी दुसरी वाट धरली. रस्त्यावरच्या दाराशी बटणांची पाटी, त्यात बोलायची जाळी आणि पुढे कॅमेराही. वरून आपण चेहरा पाहायचा, बोलायचं आणि बटण दाबून खालचं कुलूप उघडायचं. या विजेच्या कुलपांत दोन जाती असतात, आणि घर घेताना हा प्रश्न जरूर विचारावा. चुंबकाचं कुलूप वीज चालू आहे तोवरच धरून ठेवतं. वीज गेली आणि बॅटरीही संपली, की दार उघडं. दुसऱ्या जातीचं कुलूप वीज गेली तरी बंदच राहतं. चोराच्या दृष्टीने दुसरं बरं, पण आगीच्या वेळी काय? आतून हाताने फिरवता येईल अशी मूठ त्याला असलीच पाहिजे. दिवाळीत पाहुणे जमले असताना ती मूठ कुठे आहे हे घरातल्या मुलांना एकदा दाखवून ठेवावं.

सकाळी सातचं गेट

आता बेळ्ळंदूर, सर्जापूर रस्ता, व्हाइटफील्ड या बाजूला चला. इथं एकेका कुंपणाच्या आत शेकडो, कधी हजाराच्या वर घरं असतात. एका पहारेकऱ्याने इतक्या बिऱ्हाडांचे चेहरे लक्षात ठेवणं शक्य नाही. गेटवर दोरीला पेन बांधलेली वही असे, तिच्यात लोक काहीही लिहून जात. कुणी सिनेनटाचं नाव लिहिलं तरी आत! इंटरकॉमवर फोन करावा तर घरात कुणी नाही, नवरा-बायको दोघंही ऑफिसात.

ही अडचण २०१६ साली बंगळुरूतच सुरू झालेल्या ‘मायगेट’ने हेरली. ‘नोब्रोकरहूड’ही इथलंच. पद्धत साधी आहे. गेटवरच्या माणसाच्या हातात एक मोबाइल असतो. पाहुण्याचा नंबर, फोटो आणि फ्लॅट त्यात भरला, की रहिवाशाचा फोन वाजतो, मग तो घरी असो, ऑफिसात असो की अमेरिकेत. सोडा, सोडू नका किंवा पार्सल गेटवर ठेवून घ्या, यांपैकी एक बटण दाबायचं. इंटरनेट नसेल तर साधा फोन येतो. पाहुणे येणार हे आधी ठाऊक असेल तर त्यांना आकड्यांचा परवलीचा शब्द पाठवता येतो. तो सांगितला की विचारपूस नाही. (आई-वडिलांना आणायला स्टेशनवर जाता येत नसेल, तर निदान हे तरी चिरंजीवांनी करावं!) लहान मूल एकटं बाहेर पडू लागलं तर घरी विचारण्याची सोयही असते.

एका सकाळी सात वाजता अशाच एका गेटसमोर तासभर उभे राहिलो. पहिल्या दहा मिनिटांतच कळलं, की या व्यवस्थेत पाहुणे हा अगदी किरकोळ भाग आहे. खरी रांग कामाला येणाऱ्यांची. स्वयंपाकाला येणाऱ्या, धुण्याभांड्याच्या, मुलं सांभाळणाऱ्या बायका, गाड्या पुसणारे, ड्रायव्हर, माळी. कन्नड, तेलुगू, तमिळ, हिंदी, बंगाली सगळं एकाच वेळी कानावर येत होतं. गेटवरचा तरुण होता आसामचा. बायका त्याला ‘अण्णा’ म्हणत होत्या आणि तो त्यांना ‘अक्का’. प्रत्येकीने आपले आकडे सांगायचे किंवा यंत्रावर दाबायचे. त्याच क्षणी ज्या घरांत ती काम करते त्या सगळ्या घरांत निरोप जातो, ‘तुमची मदतनीस आली.’ बाहेर पडताना पुन्हा तेच. महिनाअखेर हजेरीचं कॅलेंडर तयार.

गृहिणीच्या बाजूने पाहिलं तर ही केवढी सोय आहे! बाई आली का, येणार का, यावर तर आपली अर्धी सकाळ अवलंबून असते. एकट्या राहणाऱ्या मुलीला किंवा घरात दोघंच असलेल्या वृद्धांना दाराशी अनोळखी माणूस थेट येऊन उभा राहत नाही, ही निश्चिंती लहान नाही. ऑफिसातल्या आईला मुलगी शाळेच्या बसमधून उतरून आत आली हे कळतं, ही तर नाहीच नाही. २०२० च्या टाळेबंदीत कुणाला आत घ्यायचं यावरून सोसायट्या हैराण झाल्या तेव्हाही या याद्या उपयोगी पडल्या. त्याच याद्यांच्या आधाराने कित्येक बायकांना आठवडेच्या आठवडे गेटबाहेर ठेवलं गेलं, हे त्याच नाण्याचं दुसरं अंग.

नोंद कुणाची?

रांगेतल्या एका बाईंशी जरा सावकाश बोलायला मिळालं. चार घरची कामं, दोन वेगळ्या सोसायट्या, दोन वेगळे आकडे. दोन्ही तोंडपाठ. ‘मला आवडतं,’ असं त्या आधी म्हणाल्या, याचं नवल वाटलं. कारण विचारलं तर सांगू लागल्या, एका घरी महिन्याला चार खाडे झाले म्हणून पैसे कापत होते. त्यांनी गेटवरच्या मुलाला विनवून महिन्याची हजेरी पाहिली, तर खाडे दोनच. मालकिणीनेही ते मान्य केलं आणि पैसे दिले. तोंडी भांडणात हे कधी झालं नसतं.

मग त्यांनी दुसरी बाजू सांगितली. ॲपमध्ये रहिवासी मदतनिसांना तारे देतात, शेरे लिहितात. नव्या बाईला ठेवण्याआधी लोक ते वाचतात. ‘माझ्या नावापुढे काय लिहिलंय ते मला दिसत नाही. माझ्याकडे ते ॲप नाही. एका घरचं काम मी सोडलं, तेव्हा तिथल्या मॅडम रागावल्या होत्या. नंतर त्याच इमारतीत दोन घरं ‘हो’ म्हणून ‘नको’ म्हणाली. का, ते कुणी सांगत नाही.’ शेऱ्यामुळेच तसं झालं की आणखी कशामुळे, हे त्यांनाही ठाऊक नाही. अडचण नेमकी तीच आहे. शाळेतल्या मुलालासुद्धा प्रगतिपुस्तक घरी न्यायला मिळतं. इथं ज्याचं प्रगतिपुस्तक त्यालाच ते दाखवायचं नाही!

हे आपण आपल्या घरी कसं करतो? पूर्वी शेजारीण विचारायची, ‘तुमच्याकडची बाई कशी आहे हो?’ आपण म्हणायचो, ‘कामाला स्वच्छ आहे, जरा उशिरा येते, मुलगा आजारी असतो तिचा.’ त्या उत्तरात उशिराचं कारणही असे. तीन ताऱ्यांमध्ये मुलाचं आजारपण कुठे बसवायचं?

अविश्वासाची ही दरी एकट्या ॲपने पाडलेली नाही, हेही न्यायाने म्हटलं पाहिजे. कामाच्या बायकांसाठी वेगळी लिफ्ट, जाताना पिशवीची झडती या प्रथा आधीच्या आहेत. २०२३ साली बंगळुरूतल्या एका सोसायटीची सूचना वर्तमानपत्रांतून गाजली होती. मदतनिसांनी दोन कामांमधल्या वेळात बागेत आणि बसायच्या सामाईक जागांवर थांबू नये, रहिवाशांना अवघडल्यासारखं होतं, असा तिचा आशय होता. मग आठ ते दहा एका घरी आणि अकराला दुसऱ्या घरी काम असणाऱ्या बाईने तो मधला तास घालवायचा कुठे? घरी जाऊन यायला तिला दोन बस लागतात.

नोंदीचा आणखी एक प्रश्न आहे, आणि त्याचा संबंध याच शहरातल्या एका वृद्ध गृहस्थांशी आहे. कर्नाटक उच्च न्यायालयाचे निवृत्त न्यायमूर्ती के. एस. पुट्टस्वामी यांनी वयाची पंच्याऐंशी उलटल्यावर, २०१२ मध्ये, आधारच्या सक्तीविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात धाव घेतली. त्यातूनच २४ ऑगस्ट २०१७ रोजी नऊ न्यायमूर्तींनी एकमुखाने निकाल दिला, की खासगीपणा हा प्रत्येक नागरिकाचा मूलभूत हक्क आहे. पुढच्या वर्षीच्या निकालात खासगी कंपन्यांना आधारची पडताळणी मागण्याची मुभा देणारी तरतूदही रद्द झाली. पुट्टस्वामी २०२४ मध्ये वारले, बंगळुरूतच. नागरिक म्हणजे फ्लॅटमालकच नव्हे. ज्या बाईचा फोटो, फोन नंबर आणि येण्याजाण्याच्या वेळा गेटवरच्या यंत्रात साठतात, तीही नागरिकच.

वैयक्तिक माहितीच्या संरक्षणाचा कायदा २०२३ मध्ये संमत झाला आणि त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये जाहीर झाले. त्याची अंमलबजावणी टप्प्याटप्प्याने व्हायची आहे. माहिती कशासाठी घेतो ते सांगून संमतीने घ्यावी, काम संपलं की ती काढून टाकावी आणि ज्याची माहिती त्याला ती पाहता, दुरुस्त करता यावी, असा त्याचा सर्वसाधारण रोख आहे. पण त्यासाठी कायद्याची वाट कशाला पाहायची? सोसायटीच्या पुढच्या सभेत कुणीही उठून विचारू शकतं: आपल्या गेटवरची माहिती किती दिवस राहते? काम सोडून गेलेल्या बाईचा फोटो अजून आहे का? तिच्या आधार कार्डाची झेरॉक्स कुठल्या कपाटात पडली आहे? आणि महिन्यातून एकदा आपल्या मदतनिसाला आपल्याच फोनवर तिची हजेरी आणि तिच्याबद्दलचे शेरे दाखवायला पाच मिनिटंही लागत नाहीत. चहाच्या कपाबरोबर होण्यासारखं काम आहे.

आजोबांचा हात वर

शेवटच्या दिवशी शहराच्या दक्षिण भागातल्या एका मध्यमवयीन सोसायटीत गेलो. इमारती पंचवीस-तीस वर्षांच्या, झाडं मोठी झालेली, आणि रहिवाशांत निवृत्तांचा भरणा. तळमजल्यावर मराठी जोडपं राहतं. आजोबा मूळचे साताऱ्याचे, नोकरीनिमित्त इथं आले ते इथलेच झाले. गणेशोत्सवाच्या दिवसांत गांधीनगरच्या महाराष्ट्र मंडळात फेरी असते, एरवी घर बरं की आपण बरे.

या सोसायटीतही दोन वर्षांपूर्वी ॲप आलं. जुना इंटरकॉम आता काढून टाकावा, त्याच्या दुरुस्तीचा खर्च उगाच होतो, असा ठराव सर्वसाधारण सभेत मांडला गेला. तरुण मंडळी बाजूने होती. तेव्हा आजोबांनी हात वर केला. त्यांना त्या बारीक अक्षरांतलं बटण वेळेवर सापडत नाही. फोन बहुतेक वेळा आतल्या खोलीत चार्जिंगला. मंजुरी द्यायची राहिली म्हणून एकदा औषधाच्या दुकानाचा पोऱ्या गेटवरून परत गेला होता, आणि ते औषध रात्रीच्या डोसाचं होतं. त्यांच्या मागोमाग आणखी सात-आठ हात वर झाले, सगळे पांढऱ्या केसांचे.

आज तिथं दोन्ही चालू आहेत. पासष्टच्या वरच्या रहिवाशांच्या फ्लॅटांची यादी गेटवर काचेखाली ठेवली आहे आणि त्या घरांना आधी इंटरकॉम लावायचा, मग बाकीचं, असा नियम ठरला आहे. औषधवाल्याला तर विचारायचंच नाही. आम्ही बसलो होतो तेवढ्यात भिंतीवरचा तो पिवळट पडलेला फोन वाजला. आजींनी उचलला, दोन शब्द ऐकले आणि कन्नडमधून सांगितलं, ‘कळिसप्पा, कळिसु.’ पाठव रे बाबा, पाठव. केळीवाला होता.